कॅमेरा भाड्याने मिळतो, नजर नाही

घोरावाडी, तळेगाव, वडगाव, कामशेत या पट्ट्यात कॅमेऱ्यावर पोट भरणारे तरुण आता थोडे नाहीत. लग्नं, साखरपुडे, पवना धरणाच्या काठावरची प्री-वेडिंग शूटिंग, तळेगाव आणि चाकण एमआयडीसीतल्या कंपन्यांचे माहितीपट अशी कामं हंगामात उसंत देत नाहीत. यातल्या अनेकांच्या मनात मात्र दुसरीच ओढ असते. त्यांना सिनेमा शूट करायचा असतो. मोठ्या बॅनरचा नसेना का, पण आपल्या माणसांची गोष्ट सांगणारा, आपल्या नजरेतून उतरलेला. हा लेख त्यांच्यासाठी आहे, आणि ज्यांची मुलगी किंवा मुलगा असं काही करायचं म्हणतो आहे त्या आईवडिलांसाठीही.

आपल्या रेल्वेमार्गाला चित्रांचा जुना इतिहास आहे, तो आधी माहीत करून घ्या. घोरावाडीहून लोणावळ्याकडे जाताना लागणाऱ्या मळवलीला राजा रविवर्म्याचा छापखाना एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मुंबईहून हलवला गेला. पुढे धुंडिराज गोविंद फाळक्यांनी लोणावळ्यात छपाईचा स्वतःचा कारखाना काढला आणि रविवर्मा प्रेससाठी फोटो-लिथोची कामं केली. हेच दादासाहेब १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन परतले. त्यांनी थेट 'राजा हरिश्चंद्र' काढायला घेतला नाही. कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा रोवला आणि रोज एक फ्रेम अशी महिनाभराहून जास्त काळ कोंबाची वाढ टिपली. 'अंकुराची वाढ' ही ती इवलीशी फिल्म त्यांनी मोजक्या लोकांना दाखवली आणि त्यावर भांडवल उभं राहिलं. १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' त्यानंतरचा.

स्वतंत्र छायालेखकाच्या वाटचालीचं सूत्र या घटनेत आहे. छोटं, पण पूर्ण केलेलं आणि स्वतःचं असं काम करायचं, ते योग्य माणसांपुढे ठेवायचं आणि त्यातून पुढचं काम मिळवायचं. कॅमेरा भाड्याने मिळतो. नजर, माणसांचा विश्वास आणि शब्द पाळण्याची ख्याती या गोष्टी मात्र वर्षानुवर्षं कमवाव्या लागतात. पुढचा सगळा सल्ला त्यासाठीच आहे.

काम नेमकं काय असतं

छायालेखक, म्हणजे सेटच्या भाषेत डीओपी, हा फक्त कॅमेरा चालवणारा माणूस नव्हे. पटकथा वाचून ती कशी दिसली पाहिजे हे दिग्दर्शकासोबत ठरवणं, लोकेशनची रेकी करणं, लेन्स निवडणं, उजेड बांधणं, एक्स्पोजर ठरवणं आणि शेवटी डीआयमध्ये, म्हणजे रंगसंस्काराच्या टप्प्यात, कलरिस्टच्या शेजारी बसून चित्राचा रंग पक्का करणं इथपर्यंत त्याची जबाबदारी जाते. त्याच्या हाताखाली फोकस पुलर, कॅमेरा असिस्टंट, गॅफर, लाइटमन, ग्रिप आणि डेटा सांभाळणारा अशी फौज असते. स्वतंत्र सिनेमात ही फौज चार-पाच जणांवर येते. तिथे कॅमेरा तुम्हीच चालवता, थर्माकोल तुम्हीच धरता आणि रात्री कार्डही तुम्हीच रिकामी करता.

कमी माणसांत काम करायचं म्हणजे कमी दर्जाचं करायचं असा अर्थ नाही. चैतन्य ताम्हाणेचा 'कोर्ट' पाहा. मृणाल देसाई त्याचे छायालेखक. बराचसा चित्रपट स्थिर, रुंद फ्रेममध्ये घडतो. माणसं येतात, बोलतात, निघून जातात आणि प्रेक्षकाला न्यायालयाच्या बाकावर बसल्याची जाणीव होते. २०१४ मध्ये व्हेनिसला त्याला 'लायन ऑफ द फ्युचर' आणि ओरिझोंती विभागातलं सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं पारितोषिक मिळालं. कॅमेरा न हलवण्याचा निर्णयही छायालेखकाचाच असतो, आणि तो घ्यायला क्रेन फिरवण्यापेक्षा अधिक विचार लागतो.

शिकायचं कुठे

तळेगावकडच्या मुलांचं भाग्य असं की या विषयातली देशातली नामवंत सरकारी संस्था लोकलच्या अंतरावर आहे. शिवाजीनगरला उतरून लॉ कॉलेज रस्त्यावर गेलं की फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट लागते. १९६० साली ती प्रभात स्टुडिओच्या जागेत सुरू झाली. तिथल्या सिनेमॅटोग्राफीच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमाला कोणत्याही शाखेचे पदवीधर प्रवेश परीक्षेला बसू शकतात. जागा फार थोड्या असतात. म्हणून पदवी पूर्ण करा, दोन-तीनदा परीक्षा देण्याची तयारी ठेवा आणि दरम्यान संस्थेचे अल्प मुदतीचे अभ्यासक्रम पाहा. त्यात नोकरी-धंदा सांभाळून शिकता येतं.

याच रस्त्यावर १९६४ साली स्थापन झालेलं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. तिथे होणारे खेळ पाहायची सवय लावा. प्रभातचा 'संत तुकाराम' (१९३६) मोठ्या पडद्यावर बघायला मिळाला तर सोडू नका. देहू आपल्या शेजारचं. त्या गावाची गोष्ट व्ही. अवधूत यांच्या छायाचित्रणातून पुण्याच्या स्टुडिओत उभी राहिली आणि १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवली गेली. चित्रपट दोनदा पाहायचा. पहिल्यांदा गोष्टीसाठी, दुसऱ्यांदा आवाज बंद करून. दुसऱ्या वेळी एकच प्रसंग थांबवा आणि वहीत आकृती काढा: उजेड कुठून आला, सावली कुठे पडली, कॅमेरा किती उंचीवर होता. अशा पन्नास आकृत्या झाल्या की उजेड वाचता येऊ लागतो.

दुसरी वाट सेटवरची. कॅमेरा अटेंडंट किंवा असिस्टंट म्हणून शिरायचं, लेन्स पुसण्यापासून सुरुवात करायची, मग फोकस पुलर, मग ऑपरेटर. ही वाट लांब आहे, पण भक्कम आहे. फोकस ओढताना अंतराचा अंदाज हातात बसतो, नटाच्या हालचालीचा ठेका कळतो आणि एखादा अनुभवी डीओपी दबावाखाली निर्णय कसे घेतो ते जवळून दिसतं. संस्थेत शिकलेल्यांनीही निदान दोन चित्रपट असिस्टंट म्हणून करावेत. इन्स्टिट्यूटमधल्या विद्यार्थ्यांच्या डिप्लोमा फिल्मला बाहेरचे हात लागतात. तिथे मदतीला जाणं ही चांगली सुरुवात असते.

दोन्ही वाटा बंद वाटत असतील त्यांनी सुब्रत मित्र यांचं उदाहरण डोळ्यांपुढे ठेवावं. 'पथेर पांचाली'चं चित्रीकरण सुरू झालं तेव्हा ते अगदी तरुण होते आणि त्याआधी त्यांनी एकही चित्रपट शूट केला नव्हता. पुढे 'अपराजितो'च्या वेळी पावसाच्या धास्तीने बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभारायचं ठरलं. उघड्या अंगणात वरून झिरपणारा सावळा उजेड आणायचा कसा? त्यांनी सेटच्या वर पांढरं कापड ताणलं, दिवे खालून त्याच्यावर मारले आणि परावर्तित होऊन खाली आलेल्या मऊ उजेडात शूट केलं. महागडं साधन नव्हतं, पण खरा उजेड कसा वागतो याचं निरीक्षण पक्कं होतं.

मावळचा उजेड ही तुमची प्रयोगशाळा

हे निरीक्षण मावळात जितकं करता येतं तितकं फार कमी ठिकाणी येतं. एकाच वर्षात इथे ढगांचा, धुक्याचा, स्वच्छ आणि धुरकट असा चारही तऱ्हांचा उजेड मिळतो. त्याचा पद्धतशीर अभ्यास करा.

घोरावाडी साधारण १८.७ अंश उत्तर अक्षांशावर आहे. त्यामुळे मेच्या मध्यावर आणि पुन्हा जुलैच्या अखेरीस दुपारी साडेबारा-पाऊणच्या सुमारास सूर्य अगदी डोक्यावर येतो. उन्हाळ्यात त्या वेळी माणसाच्या डोळ्यांच्या खोबणीत काळी सावली पडते आणि कपाळ भाजल्यासारखं दिसतं. मेमध्ये अकरा ते साडेतीन उघड्यावर चेहऱ्यांचे शॉट लावूच नका. त्या वेळात घरातले, ओसरीतले, झाडाखालचे प्रसंग उरका. डिसेंबरच्या अखेरीस हाच सूर्य भर दुपारीही ४८ अंशांच्या आसपासच चढतो. म्हणजे हिवाळ्यात दिवसभर तिरपा, वापरण्याजोगा उजेड मिळतो. कमी दिवसांत बाहेरचं चित्रीकरण संपवायचं असेल तर निर्मात्याला नोव्हेंबर ते जानेवारी सुचवा आणि कारणही असं आकड्यांनिशी सांगा. असा सल्ला देणाऱ्या छायालेखकाला पुन्हा बोलावणं येतं.

संध्याकाळचा मॅजिक अवर नावाप्रमाणे तासभर टिकत नाही. आपल्या अक्षांशावर सूर्य बुडाल्यानंतरचा कामाचा उजेड जेमतेम २० ते २५ मिनिटं असतो. पवनेच्या खोऱ्यात तुंग-तिकोन्याच्या बाजूला डोंगर मध्ये येतो आणि ऊन पंचांगातल्या सूर्यास्ताच्या बरंच आधी जातं. म्हणून रेकी ज्या वेळी शूट आहे त्याच वेळी करायची. सकाळी रेकी केलेली जागा संध्याकाळी वेगळीच असते.

लेण्यांकडे बघायला शिका. कार्ले आणि भाजे यांची तोंडं पश्चिमेला, बेडशाचं पूर्वेला. सकाळी बेडशाच्या चैत्यगृहात ऊन कसं आत सरकतं आणि दुपारनंतर कार्ल्याच्या घोड्याच्या नालाच्या आकाराच्या गवाक्षातून ते स्तूपापर्यंत कसं पोहोचतं, हे कॅमेरा न घेता नुसतं बसून पाहा. खिडकीतून येणारा एकच उजेड केवढी जागा जिवंत करू शकतो, त्याचा हा धडा दोन हजार वर्षांपासून तिथे आहे.

पावसाळ्याचं तंत्र स्वतंत्र आहे. ढगाळ उजेड मऊ असतो, पण तो सगळीकडून सारखा येतो आणि चेहरा सपाट दिसतो. अशा वेळी उजेड वाढवण्याऐवजी कमी करा. चेहऱ्याच्या एका बाजूला काळं कापड धरलं की गालाला उतार येतो. पाऊस पडद्यावर दिसायला हवा असेल तर पाठीमागून उजेड आणि मागे गडद पार्श्वभूमी लागते, समोरून उजेड मारला तर धो धो पाऊसही दिसत नाही. ओल्या पानांवरची आणि कातळावरची पांढरी चमक पोलरायझरने कमी होते, मग हिरव्याला खोली येते. एसी गाडीतून काढलेली लेन्स दमट हवेत लगेच उघडली तर तिच्यावर धुकं धरतं. बॅग बंद ठेवून अर्धा तास बाहेरच्या हवेला बसू द्या. लोणावळ्याकडच्या पावसाळ्यात लेन्सला बुरशी लागणं ही नेहमीची डोकेदुखी आहे. हवाबंद डब्यात सिलिका जेल आणि आर्द्रता दाखवणारं छोटं मीटर ठेवा, आकडा ४० ते ५० टक्क्यांच्या दरम्यान राहू द्या.

आतल्या चित्रीकरणात दोन गोष्टी सांभाळा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे. मंगल कार्यालयातल्या, शाळेतल्या ट्यूबलाइटखाली शूट करताना शटर सेकंदाच्या पन्नासाव्या भागावर ठेवलं तर चित्र सहसा लुकलुकत नाही; तरी स्वस्तातले एलईडी दिवे आधी तपासून घ्या. दुसरी गोष्ट चेहऱ्यांची. चुन्याच्या पांढऱ्या भिंतीपुढे सावळा चेहरा उभा केला आणि कॅमेऱ्यावर मोजमाप सोपवलं की भिंत छान येते आणि माणूस हरवतो. आपल्या माणसांच्या कातडीचा रंग नीट यावा ही छायालेखकाची नैतिक जबाबदारी आहे. एक्स्पोजर चेहऱ्यासाठी ठरवा, भिंतीचा उजेड कापा किंवा माणसाला भिंतीपासून दूर आणा.

या सगळ्याचं फळ कसं दिसतं ते पाहायचं तर अविनाश अरुण यांचा 'किल्ला' बघा. दिग्दर्शन आणि छायाचित्रण दोन्ही त्यांचंच. वडील गेल्यानंतर आईच्या बदलीमुळे कोकणात आलेल्या मुलाची ती गोष्ट. तिथला पाऊस देखाव्यासाठी नाही, त्या मुलाच्या एकटेपणाचा तो भाग आहे. २०१४ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात बालप्रेक्षकांच्या ज्यूरीने त्याला क्रिस्टल बेअर दिलं आणि पुढे सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. 'मसान'चं छायाचित्रणही अविनाश यांचंच.

पहिली कामं आणि शोरील

लग्नाच्या कामाला कमी लेखू नका. न सांगता घडणारे क्षण पकडणं, गर्दीत जागा करून घेणं, वाईट उजेडात निभावणं हे तिथे शिकता येतं. मात्र वर्षातले काही आठवडे स्वतःच्या कामासाठी राखून ठेवा आणि त्या तारखांना सुपारी आली तरी घेऊ नका. दर वर्षी निदान एक लघुपट किंवा माहितीपट पूर्ण करा. विषय शोधायला लांब जाण्याची गरज नाही. इंद्रायणी भाताची लावणी, देहूहून पालखीचं प्रस्थान, जमीन विकल्यानंतर त्याच जमिनीवरच्या बंगल्यात राखणदार म्हणून राहिलेला शेतकरी, हे सगळं दाराशी आहे.

शोरील, म्हणजे आपल्या निवडक कामाचा नमुना, दोन ते तीन मिनिटांपेक्षा मोठा नको. ड्रोनचे आणि स्लो मोशनचे तुकडे गाण्यावर जोडून दिग्दर्शकाला काही कळत नाही. त्याला पाहायचं असतं की तुम्ही एखादा पूर्ण प्रसंग कसा उलगडता. म्हणून शोरीलसोबत एक अख्खा प्रसंग ठेवा: दोन माणसं, एक खोली, दिवसाचा उजेड. लग्नाचं, कंपनीचं आणि कथापटाचं काम एकाच शोरीलमध्ये मिसळू नका.

दिग्दर्शक मिळतात ते महोत्सवांत, फिल्म सोसायटीच्या खेळांत, एकांकिका स्पर्धांत. पुण्यात नाटक करणाऱ्या मुलांशी मैत्री ठेवा. आज एकांकिका बसवणारी मुलगी पाच वर्षांनी चित्रपट करते तेव्हा तिला ओळखीचा, विश्वासाचा छायालेखक हवा असतो. पटकथा आवडली नाही तर नम्रपणे नकार द्या, पण कारण स्पष्ट सांगा. प्रामाणिक नकाराने नातं तुटत नाही.

कॅमेरा विकत घ्यावा का

सुरुवातीला कर्ज काढून सिनेमा कॅमेरा घेऊ नका. मॉडेल दोन-तीन वर्षांत जुनं होतं आणि हप्ता चालूच राहतो. हप्ता फेडायला मिळेल ते काम घ्यावं लागतं, आणि ज्या स्वातंत्र्यासाठी या व्यवसायात आलात तेच गहाण पडतं. एक चांगली, विश्वासू मिररलेस बॉडी, एक-दोन प्राइम लेन्स, मजबूत ट्रायपॉड, एनडी आणि पोलरायझर फिल्टर, काळं-पांढरं कापड, एखादा बॅटरीवर चालणारा एलईडी एवढ्यावर पहिली काही वर्षं निघतात. मोठा कॅमेरा ज्या चित्रपटाला लागेल त्याच्या खर्चाने पुण्यातून किंवा अंधेरीतून भाड्याने आणा. आणण्याआधी अर्धा दिवस तपासणीला द्या: फोकसच्या खुणा बरोबर आहेत का, सेन्सरवर ठिपके नाहीत ना, कार्ड आणि बॅटऱ्या पुरेशा आहेत का.

छोट्या कॅमेऱ्याचा काही गोष्टींत फायदाच असतो. अमोल गुप्ते यांचा 'स्टॅनली का डब्बा' अमोल गोळे यांनी फोटोच्या लहान डीएसएलआर कॅमेऱ्यावर शूट केला. मुलं शाळेतल्या कार्यशाळेत रमलेली, समोर मोठं यंत्र नाही, म्हणून त्यांचा वावर इतका मोकळा आला. गोष्टीला काय हवं हे ठरलं की कॅमेरा आपोआप ठरतो.

रंगाचं काम शिकायलाही खर्च नाही. डाविंची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती सरावाला पुरेशी आहे. आणि डेटाची शिस्त पहिल्या दिवसापासून पाळा: तीन प्रती, निदान दोन वेगळ्या प्रकारच्या साठवणीवर, त्यातली एक दुसऱ्या ठिकाणी. तिन्ही प्रती एकाच गाडीतून घाटात नेऊ नका.

परवानगी आणि जीव

मावळ दिसायला मोकळा, पण शूटिंगच्या दृष्टीने इथे अनेक मालक आहेत. कार्ले, भाजे, बेडसे लेणी आणि लोहगड पुरातत्त्व खात्याच्या अखत्यारीत येतात. देहूरोडचा छावणी भाग आणि लोणावळ्याचा आयएनएस शिवाजी परिसर लष्करी आहे, तिकडे कॅमेरा रोखण्याआधीच चौकशी करा. जंगलासाठी वन खातं, धरणासाठी जलसंपदा, रस्त्यासाठी पोलीस, गावात ग्रामपंचायत. शेतात शूट करताना कसणाऱ्याची तोंडी संमती पुरत नाही, कारण बऱ्याच जमिनी पुण्या-मुंबईच्या लोकांच्या नावावर गेल्या आहेत. सातबारा पाहून मालकाचं लेखी पत्र घ्या. राज्यातल्या शूटिंग परवान्यांसाठी महाराष्ट्र चित्रपट, रंगभूमी आणि सांस्कृतिक विकास महामंडळाची एक खिडकी योजना आहे, तिचा उपयोग निर्मात्याला करायला लावा. ड्रोनसाठी २०२१ चे नियम लागू आहेत. २५० ग्रॅमपेक्षा जड ड्रोन धंद्यासाठी उडवायचा तर प्रमाणित पायलट लागतो, आणि उडवण्याआधी सरकारच्या डिजिटल स्काय नकाशावर तो भाग कोणत्या रंगात आहे हे पाहावं लागतं.

रेल्वेविषयी विशेष सांगायला हवं, कारण आपल्याकडे रुळांवर रील काढणं हा खेळ समजला जातो. २० फेब्रुवारी २०१४ रोजी अमेरिकेतल्या जॉर्जियामध्ये 'मिडनाइट रायडर' या चित्रपटाचं युनिट रेल्वे पुलावर चढलं. रेल्वे कंपनीने परवानगी नाकारली होती. गाडी आली आणि सेरा जोन्स ही २७ वर्षांची कॅमेरा असिस्टंट जागीच गेली. दिग्दर्शकाला तुरुंगवास झाला. घोरावाडीच्या फलाटावर किंवा रुळाजवळ चित्रीकरण करायचं तर मध्य रेल्वेची लेखी परवानगी आणि रेल्वेचा माणूस सोबत हवाच.

पाण्याचंही तसंच. १५ जून २०२५ रोजी आपल्याच कुंडमळ्याचा लोखंडी पूल इंद्रायणीत कोसळला आणि चार जणांचा जीव गेला. पावसाळ्यात धबधबा, पूल, कड्याची कडा इथे दहा लोकांचं युनिट उभं करताना वजन, वाट आणि परतीची वेळ आधी ठरवा. प्रशासनाने बंदी घातली असेल तर पळवाट शोधू नका. धोकादायक शॉटला नाही म्हणण्याचा अधिकार डीओपीला असतो, आणि तुमच्या असिस्टंटच्या वतीने तो तुम्हीच वापरला पाहिजे.

पैसा आणि कागद

स्वतंत्र सिनेमात पैसे कमी असतात हे खरं, पण किती आणि कधी हे लिहून घ्यायला काही अडचण नसते. काम सुरू होण्याआधी एक-दोन पानांचा करार करा. त्यात दिवस किती, शिफ्ट किती तासांची, जादा तासांचं काय, आगाऊ रक्कम किती, उरलेली कोणत्या टप्प्यांवर, प्रवास-मुक्काम कोणाकडे, कॅमेरा तुमचा असेल तर त्याचं भाडं आणि विमा वेगळा, डीआयला बसण्याचे दिवस किती, हे सगळं असावं. मित्राचा चित्रपट असेल तर करार अधिकच आवश्यक, कारण तिथे पैशाबरोबर मैत्रीही पणाला लागते.

एक कलम विसरू नका. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता निर्माता मानला जातो, छायालेखक नव्हे. त्यामुळे पडद्यावरचं आणि पोस्टरवरचं श्रेय, तसंच प्रदर्शनानंतर शोरीलमध्ये दृश्यं वापरण्याची मुभा करारातच मागून घ्यावी लागते.

उद्यम नोंदणी करून घ्या, ती मोफत असते. सूक्ष्म किंवा लघु उद्योगाचं बिल ठरलेल्या मुदतीत, आणि जास्तीत जास्त ४५ दिवसांत चुकतं करणं २००६ च्या कायद्याने बंधनकारक आहे. मुदत ठरलीच नसेल तर १५ दिवसांत. थकलं तर सरकारी पोर्टलवर तक्रार करता येते आणि व्याजही मागता येतं. मानधनातून सामान्यतः १० टक्के टीडीएस कापला जातो, तो तुमच्या खात्यावर दिसतो का हे वर्षातून दोनदा तपासा आणि विवरणपत्र भरा. सेवेची वार्षिक उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते. आयकर कायद्यात कॅमेरामन हा चित्रपट कलावंतांत मोडतो आणि अंदाजित उत्पन्नाची सोपी पद्धत त्याला वापरता येते. सीएला हा प्रश्न नक्की विचारा.

घर चालवायला कंपन्यांचे माहितीपट आणि लग्नं, ओळख घडवायला स्वतःचे चित्रपट, असे दोन खिसे वेगळे ठेवा. पावसाळ्यात लग्नाची कामं आटतात, तेव्हा चार महिन्यांचा घरखर्च बाजूला असला पाहिजे. आरोग्य आणि अपघात विमा आधी, नवी लेन्स नंतर. मुंबईत कामं वाढली की वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशनच्या सभासदत्वाचा विचार करा; वाद झाला तर दाद मागायला जागा राहते.

माणसांशी वागणं

सेटवर छायालेखकाचा आवाज चढला की सगळं युनिट ताणाखाली येतं. लाइटमनला नावाने हाक मारा, दादा म्हणा, जेवणाची वेळ पाळा. गावात शूट करताना कोणाच्या चुलीचा, देवघराचा, आजारी माणसाचा शॉट विचारल्याशिवाय घेऊ नका. चित्रपट पूर्ण झाल्यावर त्या गावात एक खेळ लावा, ज्यांनी अंगण दिलं त्यांना पुढच्या रांगेत बसवा.

मुलींनी आणि त्यांच्या घरच्यांनी हेही जाणून घ्यावं की हे क्षेत्र आता फक्त पुरुषांचं राहिलेलं नाही. २०१७ साली स्थापन झालेल्या इंडियन विमेन सिनेमॅटोग्राफर्स कलेक्टिव्हमध्ये देशभरच्या छायालेखिका एकत्र आल्या आहेत. कॅमेऱ्याचं वजन उचलायला असिस्टंट असतात. उजेडाचा निर्णय घ्यायला लागते ती समज. मुलींना रात्रीच्या शिफ्टनंतर घरी पोहोचवण्याची सोय करारात लिहून घ्या आणि ती प्रॉडक्शनने पाळलीच पाहिजे.

मराठी स्वतंत्र सिनेमाचे दिवस चांगले आहेत. २०२५ मध्ये रोहन कानवडे यांच्या 'साबर बोंडं'ने सनडान्सला जागतिक कथापट विभागाचं सर्वोच्च ज्यूरी पारितोषिक मिळवलं. विकास उर्स त्याचे छायालेखक. गावातल्या दहा दिवसांच्या सुतकाची आणि दोन पुरुषांमधल्या जिव्हाळ्याची ती गोष्ट जगाने आपली मानली. गोष्ट जितकी आपल्या मातीतली तितकी तिला दूरवर किंमत आहे, याचा यापेक्षा ताजा पुरावा नको.

तेव्हा सुरुवात लांबवू नका. येत्या महिन्यात एक जागा निवडा: घराची ओसरी, स्टेशनचा जिना, पिठाची गिरणी, काहीही. तिथला उजेड आठवडाभर वेगवेगळ्या वेळी पाहून वहीत टिपा. मग त्या जागेवर पाच मिनिटांची एक गोष्ट शूट करा, संपादन आणि रंग पूर्ण करा आणि तुमची खोटी स्तुती न करणाऱ्या तीन माणसांना दाखवा. त्यांनी सांगितलेले दोष दुसऱ्या फिल्ममध्ये दुरुस्त करा आणि तीही पूर्ण करा. पुरी झालेली अशी चार-पाच कामं हातात असली की दिग्दर्शकापुढे जाताना ओळखीची चिठ्ठी लागत नाही.